सेमाडोहचा काजवा आणि कोरकू वाटाड्या

सेमाडोह हे अमरावती जिल्ह्याच्या चिखलदरा तालुक्यातले, सिपना नदीच्या काठावरचे गाव. परतवाड्याहून धारणीकडे निघालेला रस्ता गाविलगडच्या डोंगरात चढतो, घटांग मागे टाकतो आणि सागाच्या रानातून वळणे घेत सेमाडोहला उतरतो. परतवाड्यापासून हे अंतर पन्नास किलोमीटरच्या आतबाहेर आहे. पुढे याच रस्त्यावर कोलकास, हरिसाल आणि मग धारणी. गावाच्या नावात डोह आहे आणि तो नावापुरता नाही. उन्हाळ्यात सिपनेची धार तुटते, पात्रातले काळे खडक उघडे पडतात, तेव्हा पाणी डोहांत उरते आणि ओल त्यांच्या काठाने उरते. काजव्याची सगळी गोष्ट या ओलीपासून सुरू होते.

मेळघाट हा देशातल्या पहिल्या नऊ व्याघ्र प्रकल्पांपैकी एक आणि महाराष्ट्रातला पहिला. १९७३ साली देशात व्याघ्र प्रकल्प योजना सुरू झाली आणि १९७४ च्या फेब्रुवारीत मेळघाटाची घोषणा झाली. १९८७ मध्ये त्याच्या आतला भाग गुगामल राष्ट्रीय उद्यान म्हणून राखला गेला. गाभा आणि बफर मिळून आज या प्रकल्पाचे क्षेत्र २,७०० चौरस किलोमीटरहून अधिक आहे. खंडू, खापरा, सिपना, गडगा आणि डोलार या त्याच्या पाच नद्या, आणि पाचही आपले पाणी तापीला देतात. सेमाडोहचे पर्यटन संकुल याच जंगलाच्या पोटात आहे. मुक्कामाला कुटीरे, सहलींच्या मुलांसाठी मोठी निवासगृहे आणि जंगलाची ओळख करून देणारे निसर्ग निर्वचन केंद्र, असा त्याचा साधा पसारा. येणारा प्रत्येक जण वाघासाठी येतो. मात्र मेळघाट म्हणजे ताडोबाचे सपाट रान नव्हे. इथे डोंगर, दऱ्या आणि दाट झाडी आहे, आणि वाघ सहजी दिसत नाही. मेच्या शेवटी किंवा जूनच्या सुरुवातीला आलेला पाहुणा वाघ न बघता परतला तरी अंधार पडल्यावर तासभर शांत बसला असेल तर रिकाम्या हाताने परतत नाही.

काजवा ही माशी नव्हे, तो भुंगेरा आहे. पाठीवर दोन कडक पंख, त्यांच्याखाली उडायचे दोन पातळ पंख, डोके पुढच्या ढालीखाली अर्धे झाकलेले. दिवसा तो हाती लागला तर कुणी दुसऱ्यांदा बघणार नाही, इतका साधा तपकिरी किडा. जगात काजव्यांच्या दोन हजारांहून अधिक जाती नोंदल्या गेल्या आहेत. आपल्याकडे सामान्यपणे दिसणाऱ्या उडत्या काजव्यांत नर आणि मादी पोटाकडून ओळखता येतात. पोटाच्या खालच्या बाजूला शेपटीकडचे फिकट, मेणासारखे पट्टे म्हणजे त्याचा दिवा. नरात असे दोन खंड असतात, मादीत एक. मराठीत मार बसला की डोळ्यांपुढे काजवे चमकतात, आणि संस्कृतात आकाशात उजळणारा म्हणून त्याला खद्योत म्हणतात. मराठी वाक्प्रचार उघडझाप टिपतो. काजवा पणतीसारखा सतत जळत नाही, तो लुकलुकतो, आणि त्या लुकलुकण्यात अर्थ असतो.

हा प्रकाश कसा तयार होतो, याचा उलगडा १८८० च्या दशकात राफाएल द्युब्वा या फ्रेंच शास्त्रज्ञाच्या प्रयोगांपासून होऊ लागला. प्रकाश देणाऱ्या प्राण्यांच्या शरीरात दोन पदार्थ असतात आणि ते एकत्र आले की उजेड पडतो, हे त्यांनी दाखवले. त्यांना त्यांनी ल्युसिफेरिन आणि ल्युसिफेरेज अशी नावे दिली. काजव्यात ल्युसिफेरिन हे जणू इंधन आणि ल्युसिफेरेज हे विकर. पेशीतली ऊर्जा वाहणारा एटीपी हा रेणू आणि हवेतला प्राणवायू त्यांना येऊन मिळतात, आणि या अभिक्रियेतून सुटणारी ऊर्जा उष्णतेऐवजी मुख्यतः प्रकाशाच्या रूपाने बाहेर पडते. म्हणून काजवा तळहातावर घेतला तरी ऊब लागत नाही. दिव्याच्या पेशींमागे युरिक आम्लाच्या बारीक स्फटिकांचा पांढरा थर असतो आणि तो कंदिलाच्या मागच्या पत्र्यासारखा उजेड बाहेर परतवतो. उघडझाप होते ती प्राणवायूमुळे. मेंदूकडून मज्जातंतूंवाटे इशारा आला की दिव्यात नायट्रिक ऑक्साइड वायू तयार होतो, पेशींमध्ये प्राणवायूची वाट क्षणभर मोकळी होते आणि दिवा लागतो. वाट मिटली की विझतो. हवा उबदार असेल तर उघडझाप जलद, गार असेल तर संथ.

हे ज्ञान आता रुग्णालयांच्या आणि अन्न तपासणीच्या प्रयोगशाळांपर्यंत पोचले आहे. जिथे जिवंत पेशी आहे तिथे एटीपी आहे, आणि जिथे एटीपी आहे तिथे काजव्याचे विकर उजेड पाडते. त्यामुळे एखादा पृष्ठभाग खरोखर स्वच्छ आहे की नाही, हे काही क्षणांत कळते. जंगलातल्या किड्याने माणसाला दिलेली ही देणगी थोडी नाही.

काजव्याचे उडणे हा त्याच्या आयुष्यातला अगदी शेवटचा अंक. मादी ओलसर मातीत किंवा पालापाचोळ्याखाली अंडी घालते. काही जातींची अंडीसुद्धा मंद उजळतात. अंड्यातून निघालेली अळी पुढचे कित्येक महिने, काही जातींत वर्षाहून अधिक काळ, जमिनीवरच घालवते. ही अळी दिसायला खवल्यांची, चपटी आणि अनोळखी असते. पावसाळ्याच्या रात्री रस्त्याकडेच्या चिखलात एखादा हिरवट ठिपका न लुकलुकता एकसारखा जळताना दिसतो, तो बहुधा हिचा. अळीला उजेड जोडीदारासाठी लागत नाही. बेडकाला, पक्ष्याला, किडे खाणाऱ्या इतर शिकाऱ्याला ती बजावते की माझी चव कडू आहे, आणि अनेक जातींत ती खरोखरच कडू असते.

ही अळी शिकारी आहे. तिचे भक्ष्य गोगलगाय. गोगलगाय चालत गेली की मागे चिकट ओली रेघ राहते, त्या रेघेचा माग काढत अळी तिला गाठते. शंखाच्या तोंडाशी आलेल्या मऊ अंगाला ती जबड्याने पुन्हापुन्हा टोचते. त्या टोचण्यातून गेलेल्या विषाने गोगलगाय सुन्न होते आणि पाचक रसाने तिचे मांस पातळ होते. मग अळी ते चोखते. शेवटी उरतो रिकामा शंख. सिपनेच्या काठी दगडाखाली असे शंख सापडतात आणि ज्याला माहीत नाही तो त्यांना गोगलगायीचे साधे घर समजतो. काजवा वाचवायचा तर गोगलगाय हवी, गोगलगायीला पालापाचोळा आणि ओल हवी, आणि ओलीला नदीकाठची झाडी हवी. अर्जुन, जांभूळ, उंबर यांच्या सावलीत जमीन वैशाखातही पुरती तडकत नाही. त्या झाडांखालचा पाला झाडून जाळला की अळ्यांची एक पिढी त्याबरोबर जळते.

पूर्ण वाढलेली अळी मातीत कोश करते आणि पावसाच्या चाहुलीला प्रौढ काजवा बाहेर येतो. त्याच्यापुढे आता दोन-तीन आठवड्यांचे आयुष्य उरलेले असते. अनेक जातींचे प्रौढ काही खातही नाहीत, अळीपणी साठवलेल्या शिदोरीवर निभावतात. नर उडत उडत आपल्या जातीच्या ठरल्या ठेक्यात लुकलुकतो. मादी गवताच्या पात्यावर किंवा फांदीवर बसून बघते आणि ठेका ओळखीचा वाटला तर ठरावीक अंतराने उत्तर देते. मग तो खाली येतो, पुन्हा विचारतो, ती पुन्हा सांगते. काही ठिकाणी शेकडो नर एकाच झाडावर जमून एका तालात उजळतात. आंध्र-तमिळनाडूपासून आसामपर्यंत देशाच्या अनेक भागांत काजवे आहेत. तमिळनाडूच्या अनामलाई व्याघ्र प्रकल्पात एका तालात चमकणाऱ्या काजव्यांच्या प्रचंड थव्यांची नोंद २०२२ साली झाली.

वऱ्हाडात याचा मोसम नक्षत्रांवर सांगता येतो. २५ मेच्या सुमारास रोहिणी लागते, ७-८ जूनला मृग. या दरम्यान वळवाचे एक-दोन सडे पडून गेले की जमीन फुलते, मृगाचे लाल मखमली किडे बाहेर येतात आणि रात्री काजवे. या दिवसांत साग निष्पर्ण असतो, नवी पाने नुकती फुटू लागलेली असतात. उन्हाळाभर पायाखाली कडकड वाजणारा सागाचा वाळका पाला पहिल्या सरीने मऊ होतो आणि रान एकदम निःशब्द वाटू लागते. अंधार पडल्यावर पहिला तास सर्वांत महत्त्वाचा. रातव्याची टकटक सुरू होते, दूर भेकर भुंकते, आणि नदीकाठच्या झाडांत एक ठिपका, मग चार, मग मोजता येणार नाहीत इतके. पाऊस नेमाने लागला की हा खेळ संपतो.

अंधार ही इथली मुख्य अट आहे आणि ती मेळघाटाच्या दुसऱ्या एका गाजलेल्या रात्रीच्या नेमकी उलटी आहे. बुद्ध पौर्णिमेला पाणवठ्यांवरच्या मचाणांवर बसून वन्यप्राण्यांची नोंद करण्याची प्रथा महाराष्ट्राच्या जंगलांत जुनी आहे. वाघांच्या मोजणीसाठी कॅमेरा ट्रॅप आल्यावर या गणनेचे शास्त्रीय महत्त्व कमी झाले आणि ती निसर्गानुभव या नावाने सामान्य लोकांसाठी खुली राहिली. त्या रात्री चांदणे जितके लख्ख तितके चांगले. काजव्याला मात्र चांदणे जड जाते, मादीला नराचा इशारा पुसट दिसतो. म्हणून ज्याला सेमाडोहला काजवे बघायचे आहेत त्याने बुद्ध पौर्णिमा टाळावी आणि वैशाख-ज्येष्ठातली अमावास्या गाठावी. सूर्यास्तानंतर जंगलात मनाला येईल तसे फिरण्याची मुभा नसते, हेही लक्षात ठेवावे. काजवे बघायला तसे फिरावे लागतही नाही. दिवे मालवून, परवानगी असेल त्या जागी, नदीच्या बाजूला तोंड करून बसले की पुरते.

पण दिवे मालवल्यावर कानही लागतात, आणि कानांना काय ऐकू येईल ते सोबतच्या माणसावर अवलंबून असते. मेळघाटात सफारीच्या गाडीबरोबर मार्गदर्शक असावाच लागतो. एका जिप्सीत सहा पर्यटक, चालक आणि मार्गदर्शक. हे मार्गदर्शक आसपासच्या गावांतले आहेत आणि वनविभागाने त्यांना प्रशिक्षण दिलेले आहे. त्यांपैकी अनेक जण कोरकू या आदिवासी समाजातले आहेत. घरी कोरकू, बाजारात हिंदी, वऱ्हाडी पाहुण्याशी मराठी, असा त्यांचा रोजचा व्यवहार. प्रशिक्षणात त्यांना प्राण्यांची इंग्रजी आणि शास्त्रीय नावे शिकवली जातात आणि पर्यटकही तेवढेच विचारतात. वाघ कुठे दिसला, काल कुणाला दिसला, आज दिसेल का. या तीन प्रश्नांत फेरी संपते. ही मोठी हानी आहे. ज्याच्या तोंडी या रानाची मूळ नावे आहेत त्याच्याकडून आपण फक्त वाघाचा पत्ता विचारतो.

कोरकू ही ऑस्ट्रोआशियाई कुळातल्या मुंडा शाखेची भाषा. संथाळी, मुंडारी, हो या तिच्या सख्ख्या बहिणी झारखंड-ओडिशाकडे राहतात, आणि ही एकटी पश्चिमेला सातपुड्यात येऊन राहिली आहे. मुंडा भाषांत सर्वांत पश्चिमेची ती हीच. २०११ च्या जनगणनेत तिचे सुमारे सव्वासात लाख भाषक नोंदले गेले. बैतूल, खंडवा, बुऱ्हाणपूर, नर्मदापुरम (पूर्वीचे होशंगाबाद) आणि इकडे अमरावती जिल्ह्यात ते पसरलेले आहेत. कोरो म्हणजे माणूस, त्याला अनेकवचनाचा कू लागून कोरकू, म्हणजे माणसे. सिपना म्हणजे साग. नदीला सागाचे नाव आहे, हे कळल्यावर सेमाडोहच्या पुलावरून दिसणारे पाणी आणि दोन्ही काठांचे रान वेगळे राहत नाही. डा म्हणजे पाणी. कुला म्हणजे वाघ, आणि त्याला आदराने कुलामामा म्हणतात. ज्याच्या शेजारी पिढ्यान्‌पिढ्या राहायचे त्याला नात्यात बसवून घेण्याची ही रीत मराठी मुलखातही अनोळखी नाही, आपणही वाघोबा म्हणतोच.

कोरकूंची स्वतःच्या उत्पत्तीची कथा आर. व्ही. रसेल आणि रायबहादूर हिरालाल यांनी १९१६ साली प्रसिद्ध केलेल्या मध्य प्रांतातील जाती-जमातींच्या ग्रंथात नोंदवली आहे. ती अशी. सातपुडा आणि विंध्याचे डोंगर निर्मनुष्य पडलेले रावणाने पाहिले आणि इथे माणसे वसव, अशी महादेवाला विनंती केली. महादेवाने कागेश्वर नावाच्या कावळ्याला लाल मातीचे वारूळ शोधायला धाडले. कावळ्याला ते बैतूलकडच्या सावळीगड आणि भंवरगड या डोंगरांमध्ये सापडले. महादेव तिथे गेला, मूठभर लाल माती घेतली आणि एक पुरुष व एक स्त्री अशा दोन मूर्ती घडवल्या. तेवढ्यात इंद्राने धाडलेले दोन अग्निमय घोडे जमिनीतून उसळले आणि त्यांनी मूर्ती तुडवून मातीत मिळवल्या. दोन दिवस असेच झाले. महादेव घडवी, घोडे मोडत. शेवटी महादेवाने आधी कुत्र्याची मूर्ती केली आणि तिच्यात प्राण फुंकला. त्या कुत्र्याने घोड्यांना हुसकावून लावले. मग पुन्हा पुरुष आणि स्त्री घडली, त्यांना जीव मिळाला आणि मुला व मुलाई अशी नावे मिळाली. तेच कोरकूंचे पहिले आईबाप. त्यानंतर महादेवाने त्यांच्यासाठी झाडे निर्माण केली : ज्याच्या पानांनी अंग झाकता येईल असा माहुलाचा वेल, पोटासाठी मोह, चारोळी, शिवण, कुलू.

ही कथा नीट ऐकली तर तिच्यात या रानाची यादी आहे. वारुळाची लाल माती इथे पावलोपावली आहे. मोह आणि चारोळी आजही उन्हाळ्यातला रोजगार आहेत. कुलू म्हणजे उन्हाळ्यात पांढऱ्या खोडाने उभे असलेले, रात्री टॉर्चच्या उजेडात दचकवणारे झाड, ज्याला इंग्रजांनी भुताचे झाड म्हटले. कथेत ते भूत नाही, महादेवाने दिलेले अन्न आहे. माणसाच्या आधी कुत्रा जन्मतो, कारण राखणीशिवाय माणूस इथे टिकत नाही, हे सांगणाऱ्याला पुरते ठाऊक आहे. आणि देवाकडे माणसाचा अर्ज घेऊन जाणारा रावण आहे. मेळघाटातल्या अनेक कोरकू गावांत रावण आणि मेघनाथ यांना मान आहे आणि होळीच्या दिवसांत मेघनाथाच्या खांबाची पूजा होते. होळी हा त्यांचा वर्षाचा सर्वांत मोठा सण. त्या दिवसांत फगवा मागणारी मुले-माणसे रस्त्यावर ढोलकीच्या तालावर नाचतात आणि गदली-सुसून नाच रंगतो.

सूर्य आणि चंद्र यांना कोरकूंच्या श्रद्धेत मोठे स्थान आहे आणि देवासाठी त्यांचा शब्द गोमेज. मृतांच्या स्मरणार्थ सिडोलीच्या विधीत ते मुंडा उभारतात. हा सागाचा कोरीव लाकडी फलक, त्यावर सूर्य, चंद्र आणि घोडेस्वार कोरलेले. रानात उजेडाचे किती प्रकार असतात याचा हिशेब करताना हा लाकडावरचा सूर्यही धरायला हवा. गावात भूमका देवाधर्माचे आणि औषधपाण्याचे बघतो. वाघापासून गावाचे रक्षण व्हावे म्हणून होणारी पूजाही पूर्वापार त्याच्याकडे असते. या सगळ्या गोष्टी ग्रंथात असल्या तरी त्यांची खरी जागा रात्रीची, अंगणातली, शेकोटीपाशीची आहे. गावागावांत त्यांचे तपशील बदलतात आणि तसे बदलणे हेच त्या जिवंत असल्याचे लक्षण.

उजेड देणारा किडा आणि त्या भूमीतला गोष्ट सांगणारा माणूस यांची गाठ जगात सर्वांत पक्की घातली गेली ती न्यूझीलंडच्या उत्तर बेटावरील वायटोमो येथे. माओरी भाषेत वाय म्हणजे पाणी आणि टोमो म्हणजे विवर. चुनखडीच्या डोंगरात पाण्याने कोरलेल्या या गुहांच्या छताला निळसर हिरवे ठिपके लागलेले असतात. ते काजवे नव्हेत. एका बारीक माशीच्या त्या अळ्या आहेत आणि ती जात न्यूझीलंडखेरीज कुठेही आढळत नाही. अळी छताला रेशमाचे धागे टांगते, प्रत्येक धाग्यावर चिकट थेंबांची माळ असते, आणि उजेडाला भुलून आलेले चिलट त्यात अडकते. अळीपण सुमारे नऊ महिन्यांचे. प्रौढ माशीला खाण्याजोगे तोंडच नसते, ती चार-दोन दिवसांत मरते. काजवा उजेडाने जोडीदार शोधतो, ही अळी भूक भागवते. उजेडाचे रसायनही दोघांचे वेगळे. माओरी तिला टिटिवाय म्हणतात आणि त्या शब्दातही पाणी आहे, पाण्यात पडलेल्या दिव्यांचा भास आहे.

१८८७ साली तिथला माओरी प्रमुख टाने टिनोराऊ आणि इंग्रज भूमापक फ्रेड मेस हे दोघे फ्लॅक्स वनस्पतीच्या देठांचा तराफा करून, मेणबत्त्यांच्या उजेडात नदीच्या प्रवाहाबरोबर गुहेत शिरले. दोन वर्षांत, १८८९ मध्ये, टिनोराऊने गुहा पाहुण्यांसाठी खुली केली. तो आणि त्याची पत्नी हुटी स्वतः लोकांना आत नेत. १९०६ साली सरकारने गुहा आपल्या ताब्यात घेतली. ती मूळ मालकांच्या वंशजांकडे परत यायला १९८९ साल उजाडले. आज तिथे वाट दाखवणाऱ्यांत टिनोराऊचे वंशज आहेत आणि आपल्या पूर्वजांची कथा ते स्वतःच्या तोंडाने सांगतात. होडी काळोखात दोरांच्या आधाराने सरकते, बोलणे बंद, छायाचित्रे बंद. गर्दीची किंमत त्या गुहेनेही मोजली आहे. १९७० च्या दशकाच्या अखेरीस तिथली हवा कोरडी पडून अळ्यांचा उजेड इतका मंदावला की गुहा काही महिने बंद ठेवावी लागली. तेव्हापासून आतल्या हवेवर, तापमानावर आणि कार्बन डायऑक्साइडवर सतत नजर असते.

मेळघाटात अशी गुहा असणे शक्य नाही. इथला खडक दख्खनच्या पठाराचा काळा कातळ आहे, तो चुनखडीसारखा पाण्यात विरघळत नाही, आणि त्या माशीच्या भाऊबंदांची वस्ती ऑस्ट्रेलिया आणि न्यूझीलंडपुरतीच आहे. सेमाडोहला वायटोमोकडून गुहा उसनी घ्यायची गरजही नाही. घ्यायची ती रीत : मोजके पाहुणे, मालवलेले दिवे, बंद तोंडे, आणि सांगणारा तिथलाच.

तशी रीत नसली की काय होते, हे महाराष्ट्राने सह्याद्रीत पाहिले आहे. भंडारदरा, घाटघर, रतनवाडी या अकोले तालुक्यातल्या पट्ट्यात, कळसूबाई-हरिश्चंद्रगड अभयारण्याच्या परिसरात, दरवर्षी मेअखेर ते जूनच्या मध्यापर्यंत काजवे बघायला मोठी गर्दी लोटते. हिरडा, बेहडा, सादडा, जांभूळ अशी झाडेच्या झाडे तिथे उजळतात. त्यांच्याखाली गाड्यांच्या रांगा लागतात, हेडलाइट पेटलेले असतात, मोबाइलचे फ्लॅश उडतात, गवतात पाय पडतात. गवतात बहुधा माद्या बसलेल्या असतात, हे फार थोड्यांना माहीत असते. वनविभागाला प्रवेशाच्या वेळा ठरवून आणि नियम लावून हा लोंढा आवरावा लागतो. त्याच तालुक्यातल्या पुरुषवाडीत गावकऱ्यांनीच पर्यटन चालवले आहे. पाहुणे गावातल्या घरांत जेवतात-राहतात आणि गावातलाच माणूस त्यांना काजव्यांपर्यंत नेतो. दोन्ही ठिकाणी किडा तोच असतो, फरक पडतो तो कोण नेतो आणि कसे नेतो यात.

जगभरातल्या काजवे-अभ्यासकांचे मत अजमावणारा एक लेख २०२० साली बायोसायन्स या नियतकालिकात आला. काजव्यांवरची मुख्य संकटे म्हणून त्यात अधिवासाचा नाश, रात्रीचा कृत्रिम उजेड आणि कीटकनाशके ही तीन पुढे आली. वऱ्हाडच्या सपाट भागात, कपाशी-सोयाबीनच्या शेतांत, ही तिन्ही आहेत. अचलपूर-परतवाड्यातल्या वयस्कर माणसांना घराच्या परसात काजवे आठवतात, नातवंडांना ते चित्रात दाखवावे लागतात. मेळघाटाच्या रानात तिन्हींचा उपद्रव कमी आहे आणि म्हणूनच सेमाडोहची जबाबदारी मोठी आहे. तिथे वाढवलेला प्रत्येक दिवा विचार करून लावायला हवा.

आणखी एक गोष्ट इथे बोलायला हवी. वाघासाठी गाभा क्षेत्र मोकळे करताना मेळघाटातल्या अनेक गावांचे पुनर्वसन झाले. बोरी, कोहा, कुंड ही त्यांतली सुरुवातीची, २००१ ते २००३ या काळात हललेली. उठलेल्या गावांच्या जागी कुरणे झाली, तृणभक्षी वाढले, अंधारही परतला. पण ज्या डोहाला, ज्या वारुळाला, ज्या झाडाला गोष्ट बांधलेली होती ते इकडे राहिले आणि सांगणारा अकोटच्या सपाटीला गेला. रान वाचवण्याच्या हिशेबात हा खर्च मांडला गेलेला नाही. तो काही अंशी भरून काढायचा तर कोरकू मार्गदर्शकाच्या प्रशिक्षणात त्याच्या आजीची गोष्ट आणि त्याच्या भाषेतली झाडांची नावे यांनाही शास्त्रीय नावांच्या बरोबरीची जागा हवी, आणि त्या ज्ञानाचा मेहनताना त्याला मिळायला हवा. सरकारने २०१५ साली सुरू केलेल्या श्यामाप्रसाद मुखर्जी जन-वन विकास योजनेत गावांच्या ग्राम परिस्थितिकी विकास समित्यांना असे काम हाती घेता येते. व्यवस्था आहे, मागणी पाहुण्यांकडून यायला हवी.

सेमाडोहला काजव्यांसाठी जाणाऱ्याने आधी वनविभागाकडे राहण्याची सोय आणि त्या दिवसांचे नियम विचारून घ्यावेत. मोसमाच्या पावसात जंगल सफारी बंद असू शकते आणि मृगाचा पाऊस कधी नेटाने लागेल ते कुणाला सांगता येत नाही. अमावास्येच्या आसपासचे दिवस निवडावेत. टॉर्च न्यावा, पण त्यावर लाल कागद बांधावा आणि तो जमिनीकडे धरावा, कारण लाल उजेड काजव्यांना कमी खुपतो. मोबाइल बंद ठेवावा, अंगाला अत्तर किंवा डासांचा फवारा मारून गवतात जाऊ नये, गवतात मुळात उतरूच नये. काजवा बाटलीत भरू नये. त्याचे उरलेले आयुष्य आठवड्यांत मोजायचे आहे आणि तेवढ्यात त्याला पुढची पिढी मागे ठेवायची आहे. आणि सोबतच्या मार्गदर्शकाला वाघाआधी एक विचारावे : दादा, या झाडाला कोरकूत काय म्हणतात?